जर्मनची पातेली आणि कंपनीची गावे

आमच्या लहानपणी घरात ॲल्युमिनियमला ॲल्युमिनियम कोणी म्हणत नसे. ते 'जर्मन'. जर्मनचे पातेले, जर्मनची परात, जर्मनचा डबा. तांब्या-पितळेच्या भांड्यांना कल्हई लागायची, कल्हईवाल्याची वाट बघावी लागायची. जर्मनला त्यातले काही लागत नसे. मात्र चिंच-गुळाची आमटी त्यात रात्रभर ठेवायची नाही, असा आईचा दंडक होता. लग्नात कोणी जर्मनचे भांडे आहेर म्हणून दिले तर बायका तोंडावर काही बोलत नसत, पण ते भांडे पाहुण्यांसमोर कधी येत नसे. स्वस्त, हलका आणि थोडासा कमी प्रतिष्ठेचा, अशी या धातूची आमच्या मनातली जागा. तो येतो कुठून, हा प्रश्न कधी पडला नाही. नावातच उत्तर होते, जर्मनीतून येत असेल!

गेल्या हिवाळ्यात या धातूच्या इतिहासावरची दोन जाडजूड पुस्तके लागोपाठ वाचली आणि ते पातेले पुन्हा आठवले. पहिले पुस्तक जॉर्ज डेव्हिड स्मिथ यांचे 'फ्रॉम मोनॉपली टू कॉम्पिटिशन'. १९८८ साली आलेला हा अल्कोआ या अमेरिकन कंपनीचा जवळजवळ शंभर वर्षांचा इतिहास आहे. दुसरे फेलिक्स पॅडेल आणि समरेंद्र दास यांचे 'आउट ऑफ धिस अर्थ', २०१० साली आलेले. त्यात ओडिशाचे डोंगर, तिथले आदिवासी आणि त्या डोंगरांवर डोळा ठेवून बसलेल्या कंपन्यांची कहाणी आहे. एक पुस्तक पिट्सबर्गच्या बोर्डरूममधून जगाकडे बघते, दुसरे नियमगिरीच्या माथ्यावरून. दोन्ही पुस्तके अभ्यासाने लिहिलेली आहेत आणि दोन्ही वाचावीत अशी आहेत. पण वाचून झाल्यावर एक गोष्ट मला खटकत राहिली. बोर्डरूम आणि डोंगर यांच्यामध्ये एक गाव असते. कंपनीने आखलेले, कंपनीने बांधलेले, कंपनीच्या भोंग्यावर उठणारे. त्या गावाचा आवाज दोन्हींत पुरेसा ऐकू येत नाही.

ही उणीव नुसती पुस्तकी नाही. आपल्यापैकी कितीतरी जण अशाच गावांतून इथे आलो. कोणी भिलाईचे, कोणी कोरबाचे, कोणी किर्लोस्करवाडीचे किंवा वालचंदनगरचे. त्या गावांनी आपल्याला शाळा दिली, दवाखाना दिला, आणि पुढे विमानाच्या तिकिटापर्यंत नेणारा अभ्यास दिला. म्हणून त्यांच्याविषयी बोलताना आपला सूर आपोआप मऊ होतो. हा मऊपणा बाजूला ठेवून कंपनीच्या गावाचे मोल कसे करावे, हा या लेखाचा विषय आहे.

आधी थोडे रसायन, कारण त्याशिवाय ही गावे का वसली ते कळत नाही. पृथ्वीच्या कवचात लोखंडापेक्षा ॲल्युमिनियम जास्त आहे. पण ते ऑक्सिजनला इतके घट्ट धरून बसते की लोखंडासारखे कोळशाच्या भट्टीत घालून ते सुटत नाही. त्यामुळे एकोणिसाव्या शतकात बराच काळ तो मौल्यवान धातू होता. १८८४ साली वॉशिंग्टन मॉन्युमेंटच्या टोकावर शंभर औंसांचा ॲल्युमिनियमचा तुकडा बसवला. त्याआधी तो न्यूयॉर्कला टिफनी या जवाहिऱ्याच्या दुकानात लोकांना बघायला ठेवला होता. आमच्या आईने फळीच्या मागच्या रांगेत सारलेला धातू तो हाच!

दोनच वर्षांनी, १८८६ मध्ये, ओहायोतल्या ओबरलिन गावी चार्ल्स मार्टिन हॉल या बावीस वर्षांच्या तरुणाने आणि त्याच वर्षी फ्रान्समध्ये पॉल एरू याने, एकमेकांना न ओळखता, एकच युक्ती शोधली. वितळलेल्या क्रायोलाइटमध्ये ॲल्युमिना विरघळवायचा आणि त्यातून जबरदस्त विद्युतप्रवाह सोडायचा. हॉलने हे प्रयोग घरामागच्या लाकूडघरात केले आणि त्याची बहीण ज्युलिया, जी स्वतः रसायनशास्त्र शिकलेली होती, त्याच्या मदतीला होती. आजही धातू त्याच पद्धतीने निघतो. ढोबळ हिशेब असा की चार टन बॉक्साइटपासून दोन टन ॲल्युमिना आणि त्यापासून एक टन धातू. आणि त्या एका टनाला आजच्या चांगल्या कारखान्यातसुद्धा तेरा-चौदा हजार युनिट वीज लागते. अमेरिकेतल्या सरासरी घराला वर्षभरात लागते त्याहून जास्त.

यातून दोन गोष्टी ओघाने येतात. पहिली, हा उद्योग खनिजामागे जेवढा जात नाही तेवढा स्वस्त विजेमागे जातो; आणि त्या काळी स्वस्त वीज म्हणजे डोंगरातली नदी. दुसरी, ज्या भांड्यांत हे काम चालते, ज्यांना कारखान्यात 'पॉट' म्हणतात, ती थांबवता येत नाहीत. काही तास वीज गेली की आतला रस गोठतो आणि पॉट पुन्हा सुरू करणे हा महागाचा उद्योग होऊन बसतो. म्हणजे दिवसरात्र पाळ्यांत राबणारी हजारो माणसे हवीत, आणि तीही अशा दरीत जिथे आधी फारशी वस्तीच नाही. म्हणून गाव. कंपनीच्या दानशूरपणाची चर्चा करण्याआधी हे लक्षात ठेवलेले बरे. गाव हा कारखान्याचाच एक भाग होता, जसा धरणाचा नळ किंवा रेल्वेचा फाटा.

आता स्मिथ यांच्या पुस्तकाकडे येतो. ते कंपनीच्या पाठबळाने आणि तिची दप्तरे उघडून लिहिलेले आहे, पण म्हणून ते स्तुतिपाठ झालेले नाही. १८८८ साली पिट्सबर्ग रिडक्शन कंपनी स्थापन झाली, तेव्हा पौंडाला जवळजवळ पाच डॉलर असलेला भाव १८९३ पर्यंत एका डॉलरच्या खाली आला. इतका स्वस्त धातू घेऊन करायचे काय, हे लोकांना ठाऊक नव्हते, तेव्हा कंपनीला गिऱ्हाईक शोधत हिंडावे लागले. ही सारी धडपड स्मिथ छान सांगतात. आर्थर व्हायनिंग डेव्हिस हा तरुण १८८८ साली कॉलेजातून थेट हॉलच्या हाताखाली आला, दोघांनी मिळून पहिली लगड ओतली, आणि तो माणूस १९५७ पर्यंत कंपनीत राहिला. पेटंटची मुदत १९०९ मध्ये संपली तरी बॉक्साइटच्या खाणी आणि नद्यांवरचे हक्क हाताशी असल्याने मक्तेदारी टिकली. १९३७ साली सरकारने खटला भरला, १९४५ साली न्यायमूर्ती लर्नेड हँड यांनी कंपनीविरुद्ध निकाल दिला, आणि युद्धकाळात सरकारी पैशाने बांधलेले कारखाने रेनॉल्ड्स व कायझर यांच्याकडे गेले. या खटल्याची दोन्ही बाजूंनी केलेली मांडणी हा पुस्तकातला सर्वात सरस भाग आहे. गिऱ्हाईक येण्याआधीच क्षमता वाढवून ठेवणे हा हुशार धंदा की दुसऱ्याचा रस्ता अडवणे? हँड यांचे उत्तर स्मिथ आपल्यावर लादत नाहीत.

दोष आहे तो व्याकरणाचा म्हणावा असा. या पुस्तकात वाक्याचा कर्ता बहुतेक वेळा कंपनी असते. कंपनीने नदी मिळवली, कंपनीने धरण बांधले, कंपनीने गाव वसवले. वसले कोण, आणि वसण्याच्या अटी काय होत्या, हा प्रश्न मजूरसंबंध नावाच्या खात्यात जमा होतो. संप म्हणजे कंपनीपुढची एक अडचण. माणूस संपावर का गेला, त्या रात्री त्याच्या घरात काय बोलणे झाले, ते दप्तरात नसते, म्हणून पुस्तकातही नाही.

पॅडेल आणि दास यांचे पुस्तक याच्या अगदी उलट टोकाला आहे. ओडिशाच्या दक्षिण भागातल्या डोंगरांच्या खडकाला भूगर्भशास्त्रज्ञ 'खोंडालाइट' म्हणतात, आणि हे नाव तिथे राहणाऱ्या कोंध लोकांवरून पडलेले आहे. खडकाला ज्यांचे नाव दिले त्यांनाच खडकावरून उठवायचे, ही विसंगती पुस्तकाच्या मुळाशी आहे. डोंगराच्या माथ्यावरचा बॉक्साइटचा थर पावसाचे पाणी स्पंजासारखे धरून ठेवतो आणि वर्षभर झऱ्यांतून सोडतो, असे लेखक सांगतात. खाणवाल्याच्या नकाशावर जे खनिज, ती खालच्या गावाची पाण्याची टाकी. अशी साधी गोष्ट इतक्या ठामपणे मांडणारे दुसरे पुस्तक मी वाचलेले नाही. काशीपूर भागात डिसेंबर २००० मध्ये माइकंच येथे पोलिसांच्या गोळीबारात तीन आदिवासी मारले गेले; नियमगिरीवर डोंगरिया कोंध उभे ठाकले. पुस्तक आल्यानंतर, २०१३ साली, सर्वोच्च न्यायालयाने निर्णय ग्रामसभांवर सोपवला आणि बाराच्या बारा ग्रामसभांनी खाणीला नकार दिला. लेखकांची बाजू इतिहासाने निदान तिथे तरी खरी ठरवली.

पण या पुस्तकाचा कर्ताही एकच आहे, फक्त नाव बदलले आहे. इथे तो 'कार्टेल'. सगळ्या घटनांमागे तोच हात. त्यामुळे पुस्तक काही ठिकाणी तेच तेच सांगते आणि काही ठिकाणी घाई करते. कारखान्याच्या कॉलनीत राहणारा माणूस, मग तो बाहेरून आलेला फिटर असो की जमीन गेल्यावर नोकरीला लागलेला तिथलाच तरुण, या चित्रात कडेला उभा राहतो. तो ना खलनायक ना नायक, म्हणून त्याच्यासाठी जागा नाही. पण हा उद्योग चालवला त्यानेच, आणि त्याचे सर्वात गुंतागुंतीचे परिणाम भोगले तेही त्यानेच.

मग या गावांकडे बघायचे कसे? मला तीन साधे प्रश्न सुचतात. घर कोणाच्या नावावर? कोणी कुठे राहायचे हे कोणी ठरवले? आणि कारखाना थांबल्यावर नदी कोणाची?

टेनेसीमधले अल्कोआ गाव घ्या. गावाचे नावच कंपनीचे. १९१४ साली कारखाना सुरू झाला, १९१९ साली रीतसर नगर स्थापन झाले, आणि कंपनीचे बांधकाम बघणारे व्हिक्टर हल्टक्विस्ट हेच तिथले सिटी मॅनेजर झाले, तेही जवळजवळ तीस वर्षे. म्हणजे साहेबही तेच आणि नगरपालिकाही तेच. गोऱ्या कामगारांच्या वस्त्या वेगळ्या. दक्षिणेतल्या शेतांवरून आणलेल्या काळ्या कामगारांची 'हॉल' नावाची वस्ती वेगळी, आणि तिथल्या शाळेला चार्ल्स हॉलचे नाव. यातला विरोधाभास बघा. हॉल ज्या ओबरलिन कॉलेजात शिकला त्याने १८३५ सालीच काळ्या विद्यार्थ्यांना दारे उघडली होती. त्याच्या शोधावर उभ्या राहिलेल्या गावात त्याचे नाव आले ते वेगळ्या काढलेल्या शाळेच्या पाटीवर. नव्या गावाची आखणी करणाऱ्यांना सगळे नव्याने करण्याची मुभा होती; त्यांनी आजूबाजूचा भेद तसाच्या तसा आराखड्यात उतरवला.

हे सांगताना दुसरी बाजूही सांगायला हवी. अलाबामाच्या कापसाच्या शेतात कर्जात रुतलेल्या कुटुंबाला दर आठवड्याला हातात पडणारा रोख पगार, पक्के घर आणि मुलांना शाळा म्हणजे फार मोठी झेप होती. त्या कुटुंबाच्या नातवंडांना विचारले तर ती कदाचित कृतज्ञतेनेच बोलतील. दोन्ही खरे आहे. मात्र १९३७ साली याच गावात संप झाला. उत्तरेतल्या कारखान्यांत त्याच कामाला जास्त पगार मिळतो, हे कामगारांच्या लक्षात आले होते. जुलैमध्ये कारखान्याच्या फाटकापाशी गोळीबार झाला आणि दोन माणसे मेली. कृतज्ञता आणि हिशेब एकाच घरात नांदू शकतात, हे त्या कामगारांना आपल्यापेक्षा चांगले कळत होते.

तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर नॉर्थ कॅरोलायनातल्या बॅडिन गावी मिळते. याडकिन नदीवर हे काम आधी एका फ्रेंच कंपनीने १९१२ च्या सुमारास हाती घेतले होते. १९१४ साली महायुद्ध सुरू झाले, फ्रेंच मंडळी परत गेली आणि अल्कोआने अर्धवट काम विकत घेऊन पुरे केले. आद्रियाँ बॅडिन या फ्रेंच उद्योजकाचे नाव तेवढे मागे राहिले. इथेही काळ्या कामगारांसाठी वेस्ट बॅडिन. एकविसाव्या शतकाच्या सुरुवातीला धातूचे काम आटोपत गेले आणि २००७ मध्ये संपले. पण धरणे होती तिथेच होती, आणि त्यांची वीज आता बाजारात विकता येत होती. पन्नास वर्षांचा परवाना २००८ मध्ये संपत होता, कंपनीला तो पुन्हा हवा होता. राज्य सरकार म्हणाले, नदी दिली होती ती रोजगारासाठी. रोजगार गेला तर नदी परत द्या. अनेक वर्षे हा वाद चालला. शेवटी २०१६ साली कंपनीला नवा परवाना मिळाला आणि २०१७ साली तिने धरणे दुसऱ्या वीजकंपनीला विकली. गावाकडे राहिली सुबक जुनी घरे आणि पॉटच्या जुन्या अस्तराचा, सायनाइड-फ्लोराइड असलेला कचरा कुठे किती पुरला आहे याची चिंता. जी नदी नसती तर गाव नसते, त्या नदीच्या किमतीत गावाचा वाटा शून्य.

कॅनडातल्या क्वेबेक प्रांतात सॅग्ने नदीच्या खोऱ्यात वसलेले आर्विदा मात्र या यादीत वेगळे उठून दिसते. आर्थर व्हायनिंग डेव्हिसच्या नावातली पहिली अक्षरे जोडून हे नाव झाले. १९२६ मध्ये १३५ दिवसांत २७० घरे उभी राहिली. घाईत बांधलेली घरे एकसारखी नसावीत याची काळजी आराखडा करणाऱ्यांनी घेतली, आणि मुख्य म्हणजे ती कामगारांना हप्त्याने विकत घेता यावीत अशी योजना होती. घर स्वतःच्या नावावर झाले की माणूस गावाचा होतो. आज मूळ कंपनी उरली नाही. गावाचे स्वतंत्र नगरही उरले नाही, ते १९७५ मध्ये जाँकिएरमध्ये आणि २००२ मध्ये सॅग्ने शहरात विलीन झाले. तरी आर्विदाची घरे जपली जातात, आणि २०१२ साली कॅनडाने त्याला राष्ट्रीय ऐतिहासिक स्थळाचा दर्जा दिला. त्यामागे तिथल्या रहिवाशांचा आग्रह आहे, आणि तो आग्रह मालकीतून आला असे मला वाटते.

पण आर्विदातही जुलै १९४१ मध्ये, ऐन युद्धात, कामगारांनी काम थांबवले आणि पॉट गोठले. विमानांना लागणारा धातू अडला. ओटावातल्या मंत्र्यांनी घातपाताचा संशय व्यक्त केला, सैन्य आले. नंतर चौकशी आयोग बसला आणि त्याला घातपाताचा पुरावा सापडला नाही. कारणे होती ती पगार, उष्मा आणि वागणूक. घर दिले म्हणजे माणूस गप्प बसेल हे गणित तिथेही चुकले.

आता आपल्या देशात येऊ, कारण हीच साखळी तिकडे पोचते. १९२८ साली अल्कोआने परदेशातला बहुतेक पसारा कॅनडातल्या 'ॲल्युमिनियम लिमिटेड'कडे सोपवला. तिचीच पुढे अल्कन झाली. तिच्या भारतीय शाखेने, म्हणजे इंडालने, १९४३ साली केरळात आलुवाजवळ देशातला पहिल्यांपैकी एक कारखाना सुरू केला. त्या वस्तीचे नाव अलुपुरम, म्हणजे धातूचेच नाव. तिकडे आसनसोलजवळ जेके उद्योगसमूहाचे जयकेनगर. मालकाचे नाव, संचालकाचे नाव, धातूचे नाव! आर्कान्सामध्ये तर बॉक्साइट नावाचेच गाव आहे. ज्यांची जमीन होती त्यांनी दिलेले नाव मात्र या पाट्यांवर नाही.

स्वातंत्र्यानंतरचे मोठे उदाहरण रेणुकूट. रिहंद धरणाने हजारो कुटुंबे उठवली, आणि त्या विजेवर कायझरच्या सहकार्याने हिंदाल्कोचा कारखाना १९६२ मध्ये सुरू झाला. पुढे १९६५ साली बाल्को ही सरकारी कंपनी निघाली तेव्हा कोरबाबरोबर कोयनेच्या विजेवर कोकणात ॲल्युमिनियम काढण्याचीही योजना होती. ती कागदावरच राहिली; कोयनेच्या धरणग्रस्तांच्या पुनर्वसनाचे प्रश्न मात्र पुढे अनेक दशके रेंगाळले. बेळगावला इंडालचा कारखाना आला, त्याला कोल्हापूर भागातला बॉक्साइट जाई. आज तिथे धातू गाळला जात नाही, ॲल्युमिना तयार होतो. विजेमागे आलेला उद्योग वीज परवडेनाशी झाली की हलतो, हा नियम इंग्रजीत जसा चालतो तसाच मराठी-कानडीतही.

आणि चाक आता उलटेही फिरले आहे. २००० साली इंडाल हिंदाल्कोकडे आली. २००७ साली अल्कन रिओ टिंटोने घेतली आणि त्याच वर्षी अल्कनमधून निघालेली नोव्हेलिस ही कंपनी हिंदाल्कोने सुमारे सहा अब्ज डॉलरना घेतली. त्यामुळे न्यूयॉर्क राज्यातल्या ऑस्वेगोच्या रोलिंग मिलची मालकी आता मुंबईत आहे. ही बातमी आली तेव्हा आपल्यापैकी अनेकांची छाती फुगली होती, माझीही. पण वरचे तीन प्रश्न मालकाचा देश बदलला म्हणून बदलत नाहीत. आता ते आपल्या लोकांना विचारायचे, एवढेच.

इथे थोडे स्वतःविषयी सांगणे भाग आहे, कारण मी या विषयाकडे तटस्थपणे बघू शकत नाही. माझे वडील मध्य भारतातल्या एका कारखान्यात फोरमन होते. कारखान्याचे नाव महत्त्वाचे नाही. आम्ही 'सी टाइप' क्वार्टरमध्ये राहायचो. 'ए' आणि 'बी' पलीकडच्या झाडीत. तिकडे सायकल फिरवायची नाही असे कोणी सांगितले नव्हते, पण आम्ही फिरवत नव्हतो. शाळा उत्तम, दवाखाना फुकट, गणपतीला कॉलनीच्या हॉलमध्ये नाटक. आमच्याकडे कामाला येणाऱ्या मावशी भिंतीपलीकडच्या बस्तीतून यायच्या. एकदा त्या सहज म्हणाल्या, तुमची शाळा आहे ना, तिथे माझ्या सासऱ्यांचे धान व्हायचे. आईने त्यांना चहा दिला. त्यावर आमच्या घरात पुन्हा कधी बोलणे झाले नाही.

वडील निवृत्त झाल्यावर तीन महिन्यांत क्वार्टर सोडायचे होते. ठरलेलेच होते, कोणी फसवले नाही. आईने मागच्या अंगणात लावलेला शेवगा तेवढा राहिला. एकवीस वर्षे ज्याला आपले घर म्हटले ते घर नव्हते, नोकरीचा एक भत्ता होता, हे वडिलांना सामान बांधताना कळले असावे. ते त्यावर काही बोलले नाहीत. भावाने पुण्यात फ्लॅट घेतला तेव्हा मात्र त्यांनी पहिला प्रश्न विचारला तो हाच की कागद कोणाच्या नावावर आहे.

म्हणून हे गाव मला परके वाटत नाही, आणि इथल्या अनेकांनाही वाटू नये. ज्यांचे या देशातले राहणे नोकरी देणाऱ्याच्या कागदावर टेकलेले आहे, नोकरी गेली तर साठ दिवसांत दुसरी शोधा नाहीतर बस्तान हलवा, हे ज्यांना पाठ आहे, त्यांना कंपनीच्या गावाचा कायदा नवा नाही. भिंती दिसत नाहीत, क्वार्टर आपण स्वतः निवडलेले असते, पण किल्ली त्याच हातात असते. अशा माणसाने मालकाविषयी कृतज्ञ असावे की सावध, हा प्रश्न मला खोटा वाटतो. अल्कोआच्या त्या कामगारांप्रमाणे दोन्ही असावे.

स्मिथ यांच्या पुस्तकातून उद्योग कसा घडतो ते कळते. धंद्यात आणि व्यवस्थापनात असलेल्यांनी ते जरूर वाचावे. पॅडेल आणि दास यांच्या पुस्तकातून उद्योगाची किंमत कोण भरतो ते कळते. ते सगळ्यांनीच वाचावे, आणि चिडचिड झाली तरी शेवटपर्यंत वाचावे. या दोहोंच्या मधले तिसरे पुस्तक अजून माझ्या वाचनात नाही. त्यात पाळीचा भोंगा असेल, क्वार्टरचे टाइप असतील, संपाच्या रात्री स्वयंपाकघरात झालेले बोलणे असेल, आणि भिंतीपलीकडच्या मावशींचे वाक्य असेल. ते लिहिण्यासाठी कंपनीची दप्तरे लागणार नाहीत. कॉलनीत वाढलेली, आता दूर राहणारी, कोणाच्या क्वार्टरवर अवलंबून नसलेली माणसे लागतील. अशी माणसे या वृत्ताच्या वाचकांत पुष्कळ आहेत. त्यांनी दोन-दोन पाने जरी लिहून पाठवली तरी सुरुवात होईल. मावशींचे ते वाक्य इतकी वर्षे मी कुठेच लिहिले नव्हते; या निमित्ताने तेवढे झाले.